बॅकग्राउंडचा हिशेब : वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

चित्रपट आणि मालिकांच्या पार्श्वसंगीताबद्दल आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न या वेळी घेतले आहेत. चाल कशी सुचते, असं कुणीच विचारलेलं नाही. बरं झालं, कारण त्याचं उत्तर आमच्याकडेही नाही. बहुतेकांची अडचण घड्याळाची आणि संवादांची आहे, आणि या कामातला मोठा वेळ खरोखर तिथेच जातो.

प्रश्न : १८ मिनिटांच्या लघुपटाला संगीत दिलं. माझ्या संगणकावर सगळं चपखल बसत होतं. एडिटरकडे लावल्यावर सुरुवात बरोबर येते, पण शेवटच्या दृश्यात संगीत सेकंदभर मागे पडतं. चूक कुणाची? (वाचक, नाशिक)

उत्तर : आधी अंतर मोजा. संगीत पहिल्यापासून शेवटपर्यंत सारख्याच अंतराने मागे असेल, तर फाइल चुकीच्या जागी ठेवली गेली आहे. ती सरकवली की काम झालं. अंतर वाढत जात असेल, तर तुमचं आणि एडिटरचं अशी दोन घड्याळं वेगवेगळ्या गतीने चालली आहेत. कोणती गती चुकली, ते अंतराच्या आकड्यावरून कळतं.

१८ मिनिटं म्हणजे १०८० सेकंद. तुमचा फरक सेकंदभर, नेमका मोजलात तर १.०८ सेकंद निघेल. हा सेकंदाला २४ आणि २३.९७६ फ्रेम (चित्रं) यांच्यातला फरक आहे, हजारात एक. एडिटरची टाइमलाइन २४ ची आहे आणि तुम्हाला पाठवलेला व्हिडिओ २३.९७६ ला निघाला. तुम्ही किंचित संथ चित्रावर काम केलंत, म्हणून खऱ्या चित्रावर संगीत उशिरा पोचतं. फरक ४३ सेकंदांचा निघाला असता, तर २४ चं चित्र फ्रेमला फ्रेम लावून २५ ला चालवलंय असं समजायचं. तेव्हा १८ मिनिटांचा लघुपट १७ मिनिटं १७ सेकंदांतच संपतो. हे आपल्याकडे पुष्कळदा होतं, कारण सिनेमा २४ चा आणि टीव्ही २५ चा. आणि संगीत लवकर संपतंय, शिवाय पट्टीही चढलीय असं झालं, तर दोष सँपल रेटचा, म्हणजे सेकंदाला आवाजाचे किती नमुने घेतले त्याचा. ४४.१ किलोहर्ट्झची फाइल न बदलता ४८ च्या सेशनमध्ये (संगीताच्या सॉफ्टवेअरमधल्या कामात) टाकली की ती सुमारे ९ टक्के वेगाने धावते आणि तुमचा सा कोमल रे आणि शुद्ध रे यांच्या साधारण मधोमध जाऊन बसतो.

तुमच्या बाबतीत उपाय सोपा आहे. योग्य फ्रेम रेटचा व्हिडिओ मागवा, सेशनचा रेट बदला आणि लय हजारात एकाने वाढवून क्यू (एकेका प्रसंगासाठीचे संगीताचे तुकडे) पुन्हा बाहेर काढा. तयार फाइल ताणून-आखडूनही चालते. हजारात एकाचा फरक कानाला कळत नाही.

पुढच्या वेळी पहिला सूर लावण्याआधी एडिटरकडून चार गोष्टी लेखी घ्या : फ्रेम रेट, सँपल रेट (पडद्याच्या कामाला ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट), चित्र कोणत्या टाइमकोडला (तास:मिनिट:सेकंद:फ्रेम) सुरू होतं ते, आणि चित्रावरच छापलेला टाइमकोड. चित्र ०१:००:००:०० ला सुरू होत असेल, तर बरोबर दोन सेकंद आधी, ००:५९:५८:०० ला एका फ्रेमचा ‘पिप’ असा छोटा आवाज हवा. तसाच एक शेवटच्या फ्रेमनंतर दोन सेकंदांनी मागून घ्या. पहिला जुळला आणि शेवटचा नाही, तर घोटाळा पाच मिनिटांत पकडला जातो. व्हिडिओ मोबाइलवर शूट झालेला असेल तर जास्त जपा. त्याचा फ्रेम रेट मध्येच बदलतो, तो एडिटरने आधी स्थिर करून घेतलेला हवा.

प्रश्न : दार आपटतं तिथे सम यावी आणि पुढे आईचा चेहरा दिसतो तिथेही ठोका पडावा, असं दिग्दर्शकाला हवं आहे. मी अंदाजाने लय कमी-जास्त करत बसतो. काही हिशेब आहे का? (वाचक, पुणे)

उत्तर : आहे. सेकंद गुणिले लय, भागिले ६०. लय म्हणजे मिनिटाला पडणारे ठोके. उत्तर पूर्णांकाच्या जवळ आलं की ठोका त्या जागी पडला.

समजा क्यू सुरू झाल्यापासून १४.६ सेकंदांनी दार आपटतं आणि ३१.६ सेकंदांनी चेहरा येतो. लय ७० घेतली तर दारापर्यंत १७.०३ ठोके होतात, ठीक. पण चेहऱ्यापर्यंत ३६.८७, म्हणजे पुढचा ठोका जवळजवळ तीन फ्रेम उशिरा. ७२ ला दार १७.५२ वर, दोन ठोक्यांच्या मध्ये लोंबकळतं. ७४ ला दार १८.०१ वर आणि चेहरा ३८.९७ वर येतो. दुसऱ्या ठिकाणी चूक फक्त अर्ध्या फ्रेमची. ७४ घ्या आणि पुढे जा.

इथे एक ठेच सगळ्यांनाच लागते. पहिला ठोका शून्य सेकंदावर पडतो, त्यामुळे १८ ठोक्यांनंतर येते ती १९ वी मात्रा. तीनतालात तिथे सम हवी तर सुरुवातीला दोन मात्रांची उठाण घ्या. मग सम तिसऱ्या मात्रेवर येईल आणि पुढची १९ वर, म्हणजे दारावर. चेहरा येतो ४० व्या मात्रेवर. १९ पासून ४० धरून २२ मात्रा होतात आणि तिथे तिहाई नेमकी बसते : सहा मात्रांचा तुकडा, दोन मात्रांची विश्रांती, असं तीनदा. ६+२+६+२+६, शेवटचा धा चेहऱ्यावर. आवर्तनात ती सहावी मात्रा आहे आणि तबलजी नाक मुरडतील, पण इथली सम चेहऱ्यावर आहे.

हे करता येतं, म्हणून प्रत्येक वेळी करू नका. तिहाई वाजली की प्रेक्षकाला नाच किंवा लावणी आठवते. गंभीर दृश्यात आईच्या चेहऱ्यावर ती हास्यास्पद होईल. बहुतेक क्यूंना एकच जागा जुळवायची असते, दुसरी जागा नुसत्या सुराच्या बदलाने साधते. जुळवतानाही ठोका चित्राच्या आधी जाऊ देऊ नका. आवाज चित्राच्या ४५ मिलिसेकंद पुढे गेला की माणसाला खटकू लागतं, मागे मात्र सव्वाशे मिलिसेकंदांपर्यंत खपतो. २५ च्या चित्रात पुढे एक फ्रेम आणि मागे तीन. शंका आली तर एक फ्रेम उशिरा ठेवा.

प्रश्न : संवादांखाली संगीत ठेवलं की दिग्दर्शक म्हणतो आवाज कमी कर. कमी केलं की म्हणतो, काहीच ऐकू येत नाही. (वाचक, कोल्हापूर)

उत्तर : दोन्ही वेळी ते बरोबर असतात. अडचण आवाजाच्या पातळीची नाही, जागेची आहे. शब्द कळतात ते व्यंजनांमुळे, आणि व्यंजनांची मुख्य वस्ती २ ते ४ किलोहर्ट्झच्या पट्ट्यात. तुमच्या संगीतात तिथे काय वाजतंय ते पाहा. तबल्याची चाट, चिपळ्या, गिटारच्या तारेवरची नखं, सतारीचा जवारीदार टणत्कार, हे सगळं नेमकं त्याच जागी येतं आणि ‘त’, ‘ट’, ‘च’ पुसून टाकतं. ताल हवाच असेल तर हाताने वाजवलेला मऊ ठेका घ्या. डग्ग्याची मींड पुरुषी आवाजाखाली जपून वापरा, ती बोलणाऱ्याबरोबर बोलू लागते.

दुसरी गोष्ट सोलो वाद्याची. सारंगी, व्हायोलिन आणि मधल्या सप्तकातली बासरी यांना माणसाच्या गळ्यासारखं वळण असतं, म्हणून कान संवाद सोडून तिकडे वळतो. बाई बोलत असेल तर सोलो चेलोला द्या, किंवा वर लांब धरलेल्या व्हायोलिन्सचा नुसता पडदा ठेवा. सुरावट लिहायची ती वाक्यांमधल्या फटींत. संवादांचा ट्रॅक वेगळा मागवा, वाक्य कुठे संपतं आणि कुठे सुरू होतं याच्या खुणा टाइमलाइनवर करा आणि सोलोचा प्रत्येक तुकडा त्या खुणांच्या आत बसवा. मराठीत क्रियापद शेवटी येतं, वाक्याचा अर्थ शेवटच्या शब्दावर ठरतो. ‘मी तुला कधीच’ इथे बासरी सुरू केलीत तर ‘विसरले’ की ‘विसरले नाही’ हे प्रेक्षकाला कळणार नाही.

एवढं झाल्यावर इक्वलायझर हातात घ्या. २.५ किलोहर्ट्झच्या आसपास रुंद, दोन-तीन डेसिबलचा खड्डा पुरतो. मग मोबाइलच्या स्पीकरवर ऐका. तिथे खर्ज जवळपास नसतोच. क्यूचा सगळा जीव तानपुऱ्याच्या खर्जात असेल तर मोबाइलवर मालिका पाहणाऱ्याला संगीत नाहीच असं वाटेल.

प्रश्न : सिनेमाच्या किती टक्के भागात संगीत असावं? (वाचक, बेळगाव)

उत्तर : अशी टक्केवारी नाही. ‘प्रभात’च्या १९३७ च्या ‘कुंकू’ने दृश्यातल्याच आवाजांवर काम भागवून दाखवलं होतं. प्रत्येक क्यूपुढे ‘हा काढला तर प्रेक्षकाला काय कळणार नाही?’ एवढंच लिहा. ‘काहीच नाही’ असं उत्तर आलं तर क्यू काढा.

प्रश्न : रोजच्या मालिकेत संगीतकार प्रत्येक भागाला नवीन संगीत करतो का? (वाचक, ठाणे)

उत्तर : नाही, आणि ते शक्यही नाही. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वगळून साधारण २२ मिनिटांचं चित्र, आठवड्याला पाच-सहा भाग, आणि एडिट झालेला भाग कधी कधी प्रसारणाच्या दिवशीच हातात येतो. म्हणून संगीतकार सुरुवातीला ‘बँक’, म्हणजे तयार क्यूंचा साठा, करून देतो आणि रोज ती लावण्याचं काम म्युझिक एडिटर करतो. मालिकेचं संगीत चांगलं की वाईट, हे बँक किती शहाणपणाने बांधली आहे यावर ठरतं.

शीर्षकगीताची चाल हा पाया. तिच्यातूनच दोन-तीन मुख्य पात्रांच्या थीम काढा, म्हणजे कुठेही कापलं तरी मालिका एकच वाटते. मग आनंद, ओढ, काळजी, कट, भांडण, घरातली सकाळ, देवघर, विनोद असे आठएक भाव धरा. प्रत्येकाची पाच रूपं करा : पूर्ण वाद्यमेळ, सुरावट काढलेलं, एकाच वाद्यावरचं, संथ, आणि पाच-सात सेकंदांचा तुकडा. झाले चाळीस क्यू. यांतलं ‘सुरावट काढलेलं’ रूप सगळ्यांत जास्त वापरलं जातं, कारण ते संवादांखाली चालतं. नवखे संगीतकार नेमकं तेच द्यायला विसरतात.

सगळ्यांत महाग पडणारी चूक पट्टीची. उदास थीम काळी १ मध्ये आणि कटाची थीम पांढरी २ मध्ये केली, तर एडिटर एकातून दुसऱ्यात जाताना मधले दोन सेकंद अक्षरशः रडतात, कारण दोन सा शेजारी-शेजारी आहेत. सगळी बँक एका पट्टीत करा, किंवा तिच्या मध्यम-पंचमात. काळी १ असेल तर काळी ३ आणि काळी ४ चालतात. दर चार बारनंतर (बार म्हणजे ठोक्यांचा एक गट) सुटण्याची जागा ठेवा, आणि प्रत्येक क्यूचा शेवट घुमत विरू द्या. शेवट कचकन कापलेला असेल तर एडिटरला तो संवादाच्या मध्ये संपवता येत नाही. फाइलचं नाव एडिटरला कळेल असं हवं : ‘आई_उदास_बासरी_काळी१_लय६८’. ‘फायनल_नवीन_३’ हे नाव तीन महिन्यांनी तुम्हालाही कळणार नाही.

चेहऱ्यावर तीनदा झूम आणि तीनदा ‘ढॅण’ याबद्दलही पत्रात विचारलं आहे. ते वाजवा, पोटापाण्याचा प्रश्न आहे. पण निदान तीन वेगळे ‘ढॅण’ द्या, आणि एक नुसत्या शांततेचा. शांततेचा कुणीतरी एडिटर एखाद दिवशी लावतो, आणि त्या दिवशीचं दृश्य वेगळंच उठून दिसतं.

प्रश्न : कीबोर्डवरच्या स्ट्रिंग्जवर खऱ्या बासरीचं रेकॉर्डिंग केलं. वादक पट्टीचे आहेत, तरी काही ठिकाणी बेसूर वाटतं. (वाचक, रत्नागिरी)

उत्तर : कुणीही बेसूर नाही. दोघांचे गंधार वेगळे आहेत. कीबोर्डवर सप्तकाचे १२०० सेंट (सेंट हे सुरांमधलं अंतर मोजायचं माप), बारा सारखे भाग पाडलेले. त्यात शुद्ध गंधार ४०० सेंटवर. तानपुऱ्याच्या खर्जातून निघतो तो स्वयंभू गंधार ३८६ वर, आणि चांगल्या वादकाचा कान त्याच्यावर घडलेला असतो. १४ सेंटची ही फट लांब धरलेल्या सुरात लहरत ऐकू येते. शुद्ध धैवतातही अशीच, १६ सेंटची. पंचमात मात्र फरक दोनच सेंटचा.

यातूनच उपाय निघतो. बासरीखालच्या पॅडमधून (लांब धरलेल्या सुरांच्या थरातून) गंधार-धैवत काढा, फक्त सा-प ठेवा. गंधार बासरीलाच गाऊ द्या. स्वरमेळात गंधार हवाच असेल तर तो बासरीच्या विश्रांतीत आणा, किंवा छोटा वाजवून सोडा. रेकॉर्डिंगनंतर सॉफ्टवेअरने बासरी कीबोर्डच्या सुरावर ओढू नका. मींडीतल्या श्रुती सपाट होतात आणि खरा वादक बोलावल्याचा खर्च वाया जातो.

आणखी दोन गोष्टी. पट्टी आदल्या दिवशी कळवा, म्हणजे वादक त्या पट्टीची बासरी घेऊन येतील. आणि एसी स्टुडिओत थंड बासरी उतरलेली वाजते, ती दहा मिनिटं फुंकून गरम होऊ द्या, मगच सूर तपासा. क्लिक (लयीची टिकटिक) कान पूर्ण झाकणाऱ्या हेडफोनवर द्या आणि शेवटच्या सुराआधी क्लिक विरू द्या. नाहीतर घुमणाऱ्या शेवटात टिकटिक सापडते, आणि ती काढता येत नाही.

प्रश्न : दिग्दर्शकाने एडिटमध्ये एका परदेशी सिनेमाचं संगीत लावून ठेवलं आहे आणि ‘अगदी असंच’ हवं म्हणतो. आठ बारपर्यंत घेतलं तर चालतं ना? (वाचक, पिंपरी)

उत्तर : नाही. आठ बार, चार बार, सात सूर अशी कोणतीही सूट भारतीय कायद्यात नाही. ही स्टुडिओच्या कट्ट्यावरची दंतकथा आहे. दिग्दर्शकाला त्यातलं काय आवडलं ते खोदून विचारा. बहुतेक वेळा त्याला सुरावट आठवतही नसते. संगीत कोणत्या शब्दानंतर सुरू होतं, लय काय, किती वाद्यं एका वेळी वाजतात, कुठे थांबतं, एवढंच त्याच्या मनात बसलेलं असतं. या चार गोष्टी कागदावर उतरवा, तो ट्रॅक बंद करा आणि पुन्हा ऐकू नका. एडिटमधूनही काढायला लावा. महिनाभर तेच ऐकलेल्या दिग्दर्शकाला दुसरं काहीच आवडत नाही.

प्रश्न : मिक्सिंगला नेमकं काय द्यायचं? (वाचक, छत्रपती संभाजीनगर)

उत्तर : पूर्ण मिक्स आणि स्टेम्स, म्हणजे वाद्यांच्या एकेका गटाची वेगळी फाइल. तालवाद्यं, खालचे सूर, स्ट्रिंग्ज, पॅड आणि सिंथ, सोलो, आवाज असे साधारण सहा. सगळ्यांची सुरुवात एकाच टाइमकोडला आणि लांबी सारखी. प्रत्येक वाद्याचा रिव्हर्ब (घुमारा) त्याच्याच स्टेममध्ये. देण्याआधी सगळे स्टेम एकत्र वाजवा, पूर्ण मिक्सचा फेज उलटा करून (ध्वनिलहर उलटी करून) त्यावर लावा. शांतता झाली तर बरोबर. काही ऐकू आलं तर मास्टरवर आवाजाचे चढ-उतार दाबणारा कॉम्प्रेसर किंवा लिमिटर राहिला आहे. तो काढा, जोर लावायचं काम मिक्सिंग इंजिनिअरचं. शब्द असलेला आवाज वेगळा ठेवा, कारण सिनेमा हिंदीत डब झाला तर मराठी शब्द काढावे लागतील. क्यूला नंबर रीळ आणि क्रमाने : १एम१ (पहिल्या रिळातला पहिला क्यू), १एम२, २एम१.

प्रश्न : लॉक झालेल्या (एडिट पक्कं ठरलेल्या) चित्रात बदल झाले तर? (तेच वाचक)

उत्तर : होतातच. कुठे किती फ्रेम काढल्या किंवा घातल्या याची यादी मागा, नुसता नवीन व्हिडिओ घेऊ नका. जुन्या-नव्याची तुलना डोळ्यांनी करण्यात दिवस जातो.

प्रश्न : एकरकमी पैसे घेऊन करारावर सही केली. आता रॉयल्टी मिळेल का? (वाचक, पणजी)

उत्तर : करारात ‘सगळे हक्क सोडले’ असं लिहिलं असलं तरी हा हक्क सुटत नाही. कॉपीराइट कायदा १९५७ चा, त्यातली मोठी दुरुस्ती २१ जून २०१२ पासून लागू. तेव्हापासून कलम १८ सांगतं की चित्रपटातल्या संगीतरचनेच्या रचनाकाराला रॉयल्टीतला समान वाटा घेण्याचा हक्क कुणाला देऊन टाकता येत नाही. अपवाद दोनच : कायदेशीर वारस आणि कॉपीराइट संस्था. एक मर्यादा मात्र ध्यानात ठेवा. थिएटरमध्ये चित्रपटासोबत जे वाजतं, त्याला हे लागू नाही. टीव्ही आणि इतर वापरांना लागू आहे. कायद्याच्या भाषेत मालिकाही चित्रपटच, आणि नोटेशन लिहिलेलं नसलं तरी रचना तुमची.

पण हक्क असणं वेगळं आणि पैसे येणं वेगळं. रॉयल्टी गोळा करून वाटणारी कॉपीराइट संस्था, म्हणजे मुंबईतली इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी, तिचे सदस्य व्हा आणि प्रत्येक काम तिथे नोंदवा. निर्मात्याकडून क्यूशीट घ्या : क्यूचं नाव, रचनाकार, लांबी मिनिट-सेकंदांत, शीर्षकगीत की पार्श्वसंगीत. गाण्याला नाव असतं, ते सापडतं. बॅकग्राउंडच्या ४७ सेकंदांच्या तुकड्याला क्यूशीटशिवाय ओळखच नसते. ती शीट काम संपल्या आठवड्यातच भरा, कारण मालिका संपल्यावर ऑफिसात ती भरणारं कुणी उरत नाही. नवीन करार करताना मुदत आणि प्रदेश लिहून घ्या. लिहिले नाहीत तर कायदा मुदत पाच वर्षं आणि प्रदेश भारत असं धरतो.

प्रश्न : घाईत एमपी३ पाठवलं तर चालतं का? (वाचक, अमरावती)

उत्तर : दिग्दर्शकाला फोनवर ऐकवायला चालतं. मिक्सला नाही. एमपी३ करताना सुरुवातीला काही मिलिसेकंदांची कोरी जागा आपोआप भरली जाते आणि जुळवलेला ठोका तेवढा मागे सरकतो. वेव्ह फाइल द्या.